बांधाचा धनी कोण

जूनमध्ये शाळा उघडली तेव्हा आमच्या लॅबमधले बारा जुने कॉम्प्युटर मी नव्याने उभे केले. त्यांच्यावर आधी होती ती सिस्टीम त्यांना पेलत नव्हती. बटण दाबून चहा पिऊन यावं तरी पडद्यावर गोल फिरतच असायचं. म्हणून सुट्टीतले चार दिवस बसून एकेकावर डेबियन लिनक्स ही हलकी, मोकळी ऑपरेटिंग सिस्टीम टाकली. अकरावीची मुलं आली, काळ्या पडद्यावर त्यांनी आपापलं नाव आणि पासवर्ड टाइप केला, आणि डेबियन दर वेळी दाखवतं त्या चार-पाच ओळी उमटल्या. ह्यातले प्रोग्राम मुक्त आहेत, असं त्या ओळी आधी सांगतात. मग मोठ्या अक्षरांत सांगतात की कायदा परवानगी देतो तिथवर ह्याला कसलीही हमी नाही.

पहिल्या बाकावरच्या मुलीने ते मोठ्याने वाचलं आणि वळून विचारलं, "टीचर, हमी कोणीच देत नाही. मग हाचो धनी कोण?"

आमच्याकडे गोव्यात धनी म्हणजे नुसता मालक नव्हे. काही बिघडलं तर ज्याच्या दारात जायचं, तोही धनीच. मुलीने बरोबर शब्द निवडला होता. मी तिला तेव्हा दोन वाक्यांत काहीतरी सांगितलं, ते मलाच पटलं नाही. घरी येताना बसमध्ये तोच प्रश्न डोक्यात होता, आणि कुंभारजुव्याची खाडी दिसली तसे मला आजोबा आठवले.

आजोबा खाजनात कूळ होते. खाजन म्हणजे खाडीकाठची, भरतीच्या पाण्याच्या पातळीखालची शेतजमीन. खारं पाणी बाहेर राहावं म्हणून चिखलमातीचा बांध घालायचा आणि बांधात एका जागी मानस ठेवायची. मानस म्हणजे लाकडी झडपांचं दार. भरती आली की बाहेरच्या पाण्याच्या दाबाने झडपा आपोआप मिटतात. ओहोटी लागली की आतलं पावसाचं पाणी त्या ढकलून बाहेर पडतं. वीज नाही, यंत्र नाही. पावसाने जमिनीतला खार धुऊन गेला की खाऱ्यात तगणारं कोरगुट भात पेरायचं. खेकडा बांधात बीळ करतो, बिळातून पाणी झिरपतं, आणि वेळेत कोणी पाहिलं नाही तर एका रात्रीत खांड पडते. खारं पाणी एकदा शेतात शिरलं की पुढची दोन-तीन वर्षं तिथे धड पीक येत नाही.

जमीन गावकरीची. गावकरी ही गोव्यातली फार जुनी संस्था. पोर्तुगीजांनी 1526 मध्ये तिचे रीतिरिवाज फोराल नावाच्या सनदेत लिहून काढले तेव्हाच ती पुरातन होती, आणि पुढे त्यांनीच तिला कोमुनिदाद हे नाव दिलं. जमीन सगळ्या गावाची, कसण्यासाठी पावणीत, म्हणजे लिलावात, द्यायची, त्या पैशातून बांध, देऊळ, वाटा राखायच्या, उरेल ते गावकारांत वाटायचं. ऐकायला फार सुंदर आहे आणि बरंचसं तसं होतंही. पण गावकार कोण, तर मूळ घराण्यांत जन्मलेले पुरुष. रात्री कंदील घेऊन मानशीपाशी बसणारे, डोक्यावरून चिखल वाहून खांड बुजवणारे माझे आजोबा त्यात नव्हते. आजी तर नव्हतीच. सामाईक असूनही ते त्यांचं नव्हतं. हे मी कडवटपणे लिहीत नाही. पण त्या मुलीला उत्तर द्यायचं तर मला इथूनच सुरुवात करावी लागते.

आता गोष्ट अमेरिकेतली, कारण लिनक्सची मुळं तिथे आहेत. न्यू जर्सीत मरे हिल नावाचं गाव आहे, तिथे एटी अँड टी ह्या टेलिफोन कंपनीची बेल लॅब्स ही प्रयोगशाळा होती. 1960 च्या दशकात बेल लॅब्स, एमआयटी हे विद्यापीठ आणि जनरल इलेक्ट्रिक कंपनी मिळून मल्टिक्स नावाची एक भव्य सिस्टीम बांधत होते. काम लांबत गेलं, खर्च वाढत गेला, आणि 1969 मध्ये बेल लॅब्सने त्यातून अंग काढून घेतलं. त्या कामावरचे केन थॉम्प्सन, डेनिस रिची आणि त्यांचे सोबती एकाएकी मोकळे झाले, हातात चांगलं मशीनही उरलं नाही. थॉम्प्सनना कोपऱ्यात पडलेलं एक पीडीपी-7 सापडलं. त्याची मेमरी आजच्या हिशेबाने 18 केबी. त्या उन्हाळ्यात त्यांची पत्नी लहान मुलाला घेऊन तीन आठवडे सासरी कॅलिफोर्नियाला गेली, आणि त्या तीन आठवड्यांत त्यांनी एक एडिटर, एक असेंब्लर आणि सिस्टीमचा गाभा, असं आठवड्याला एक लिहून काढलं. मल्टिक्सवर कोटी करून तिचं नाव पडलं युनिक्स.

मला त्यातली पाइपची कल्पना सगळ्यांत आवडते आणि मुलांना मी तीच आधी शिकवते. डग मॅकिलरॉय हे त्यांच्यातले ज्येष्ठ. बागेतल्या रबरी नळ्या जोडाव्यात तसे प्रोग्राम एकमेकांना जोडता आले पाहिजेत, असं ते 1964 पासून म्हणत होते. 1973 मध्ये थॉम्प्सननी एका रात्रीत ते करून दिलं. एक उभी रेघ मारायची, डावीकडच्या प्रोग्रामचं उत्तर उजवीकडच्याच्या हाती पडतं. प्रत्येक प्रोग्रामने एकच काम करायचं, पण नीट करायचं, आणि आपलं काम पुढच्याला घेता येईल अशा रूपात सोडायचं. खाजनातली शेतं अशीच असतात. वरच्या शेतातलं पाणी खालच्यात, खालच्यातलं मानशीतून खाडीत. प्रत्येकाने आपल्या मेरेपुरतं पाहायचं, पण पुढच्याची वाट तुंबवायची नाही.

त्याच वर्षी रिचींच्या सी भाषेत जवळजवळ सगळं युनिक्स पुन्हा लिहिलं गेलं. त्यामुळे ते एका जातीच्या मशीनला बांधलेलं राहिलं नाही, हा फार मोठा टप्पा होता. पण मला त्याहून महत्त्वाची वाटते ती एक कायदेशीर अडचण. सरकारशी झालेल्या 1956 च्या समझोत्यानुसार एटी अँड टीला टेलिफोनबाहेरच्या धंद्यात उतरायला मनाई होती. म्हणजे युनिक्स हातात होतं, पण ते बाजारात विकता येत नव्हतं. मग विद्यापीठांना ते जुजबी रकमेत द्यायला सुरुवात झाली, सोर्स कोडसकट, म्हणजे माणसाला वाचता-बदलता येतील अशा मूळ ओळींसकट. मदत मिळणार नाही, चूक निघाली तर दुरुस्त करून मिळणार नाही, ही अट. भाटकाराने, म्हणजे जमीनमालकाने, जमीन द्यावी आणि वर्षभर फिरकूच नये, तसं झालं. मग ज्यांच्याकडे युनिक्स होतं ते एकमेकांना विचारू लागले, चुका दुरुस्त करून टेपवर एकमेकांना पाठवू लागले. वाटून घ्यायची सवय तत्त्वज्ञानाने लागली नाही, धनी दार उघडत नव्हता म्हणून लागली.

ह्यात एक शिक्षक आहेत, त्यांच्याविषयी लिहिल्याशिवाय मला पुढे जाववत नाही. जॉन लायन्स. सिडनीला न्यू साउथ वेल्स विद्यापीठात शिकवायचे. युनिक्सच्या सहाव्या आवृत्तीचा गाभा तेव्हा जेमतेम नऊ हजार ओळींचा होता. एका माणसाने वाचून समजून घ्यावा एवढा. लायन्सनी त्याच्यावर ओळीओळीची टीका लिहिली, आपल्याकडे ओवीवर लिहितात तशी, आणि 1976-77 मध्ये वर्गातल्या मुलांसाठी छापली. खरीखुरी, चालणारी सिस्टीम आतून कशी असते हे विद्यार्थ्यांना पहिल्यांदा पानावर दिसलं. 1979 मध्ये सातवी आवृत्ती आली तेव्हा परवान्यात नवं कलम होतं: हा कोड वर्गात शिकवता येणार नाही. लायन्सची टीकाही मग उघडपणे छापता येईना. ती झेरॉक्सच्या झेरॉक्सच्या झेरॉक्सवरून जगभर फिरली, अक्षरं पुसट होईपर्यंत. 1996 मध्ये ती रीतसर प्रसिद्ध झाली आणि 1998 मध्ये लायन्स गेले. शिकवायला बंदी! मी त्या कलमाविषयी पहिल्यांदा वाचलं तेव्हा दुसऱ्या दिवशी वर्गात फळ्यासमोर उभी राहताना माझ्या हातातल्या खडूकडे पाहत राहिले होते.

पण बंदीतूनच पुढचं बी पडलं. ॲमस्टरडॅमच्या प्राध्यापक अँड्र्यू टॅनेनबॉमना युनिक्स शिकवता येईना, म्हणून त्यांनी विद्यार्थ्यांसाठी स्वतःची छोटी सिस्टीम लिहिली, 1987 मध्ये. मिनिक्स. तिच्याकडे परत येते.

तिकडे कॅलिफोर्नियात बर्कलीच्या विद्यापीठात बिल जॉय आणि इतरांनी युनिक्सवर इतकी भर घातली की बीएसडी ही त्याची वेगळी शाखाच झाली. 1983 च्या त्यांच्या आवृत्तीने इंटरनेटचे नियम घरोघरच्या, म्हणजे विद्यापीठाविद्यापीठांच्या, मशीनवर नेले. 1984 च्या आरंभी एटी अँड टीचे तुकडे झाले, जुनी मनाई उठली, आणि युनिक्स ही विकायची वस्तू झाली. पुढे 1992 मध्ये बर्कलीवाल्यांवर खटला झाला. दोन वर्षांनी तडजोड झाली तेव्हा सुमारे 18,000 फायलींपैकी फक्त तीन काढून टाकाव्या लागल्या. तीन! त्यासाठी बीएसडीची दोन वर्षं अनिश्चिततेत गेली, आणि नेमक्या त्याच वर्षांत दुसरं रोप वाढून गेलं. फ्रीबीएसडी, नेटबीएसडी, ओपनबीएसडी आजही उत्तम चालतात, आणि त्यांच्या वाट्याला जेवढं नाव यायला हवं होतं तेवढं आलं नाही, असं मला मनापासून वाटतं.

आता हक्काचा प्रश्न. एमआयटीच्या प्रयोगशाळेत रिचर्ड स्टॉलमन काम करत. तिथल्या जुन्या प्रिंटरमध्ये कागद अडकला की सगळ्यांना निरोप जाईल अशी सोय त्यांनी त्याच्या प्रोग्राममध्ये केली होती. नवा प्रिंटर आला तो सोर्स कोडशिवाय. कोड ज्याच्याकडे होता त्या संशोधकाला भेटून स्टॉलमननी मागितला, तर तो म्हणाला, न देण्याच्या करारावर मी सही केली आहे. कागद अडकतच राहिला. 27 सप्टेंबर 1983 ला स्टॉलमननी जाहीर केलं की मी युनिक्ससारखी संपूर्ण सिस्टीम लिहिणार आहे, सगळ्यांना मोकळी, नाव ग्नू. पुढच्या जानेवारीत नोकरी सोडून ते कामाला लागले. एडिटर, कंपायलर, शेल अशी अवजारं एकेक करून तयार होत गेली.

पण त्यांचं सगळ्यांत टिकाऊ बांधकाम कोडचं नाही, परवान्याचं आहे. 1989 च्या जीपीएल परवान्यात त्यांनी कॉपीराइटचाच कायदा घेतला आणि त्याला उलट दिशेला जुंपलं. हा प्रोग्राम तुला वापरता येईल, उघडून पाहता येईल, बदलता येईल, वाटता येईल. अट एवढीच: तू पुढे देशील तेव्हा सोर्स कोडसकट दे, आणि तुला मिळाले तेच हक्क घेणाऱ्यालाही दे. मधल्या कोणालाही कुंपण घालता येणार नाही.

गावकरीत हक्क रक्तातून जायचा. इथे तो प्रतीतून जातो. ज्याच्या हाती प्रत आली तो गावकार. कोणाचा मुलगा, कुठल्या घराण्यातला, बाई की पुरुष, ह्यातलं काहीच परवाना विचारत नाही. आजोबांचं सगळं आयुष्य ज्या एका गोष्टीवाचून गेलं, ती इथे दीड-दोन हजार शब्दांच्या इंग्रजी मजकुरात लिहून ठेवली आहे: जो बांध राखतो, त्याचा बांध.

स्टॉलमनच्या सिस्टीमला सगळं होतं, फक्त गाभा तयार होत नव्हता. तो हेलसिंकीतल्या एकवीस वर्षांच्या विद्यार्थ्याकडून आला. लिनस टोरवाल्ड्सने नवा 386 कॉम्प्युटर घेतला होता, त्यावर तो टॅनेनबॉमांचं मिनिक्स चालवत होता. 25 ऑगस्ट 1991 ला त्याने मिनिक्सवाल्यांना कळवलं की मी एक सिस्टीम लिहितो आहे, नुसता छंद म्हणून, ग्नूसारखी मोठी काही होणार नाही. सप्टेंबरात पहिली आवृत्ती निघाली, सुमारे दहा हजार ओळींची. त्याला नाव द्यायचं होतं फ्रीक्स. पण सर्व्हरवर ज्याने ती ठेवली, त्या मित्राने फोल्डरचं नाव लिनक्स लिहिलं आणि तेच राहिलं. आरंभी त्याच्या परवान्यात पैसे घेऊन वाटायला मनाई होती. 1992 च्या सुरुवातीला त्याने ती काढून जीपीएल लावला. माझ्या मते लिनक्सचा खरा वाढदिवस हा. कारण त्या दिवसापासून कोणीही केलेली दुरुस्ती सगळ्यांची झाली. त्याच जानेवारीत टॅनेनबॉमांनी लिहिलं की लिनक्सची रचना कालबाह्य आहे, आणि गुरुशिष्य म्हणावेत अशा दोघांत जाहीर वाद झाला. रचनेच्या शास्त्रात प्राध्यापकांचं म्हणणं बिनबुडाचं नव्हतं. पण लोक ज्याच्या बांधावर चिखल घेऊन येतात तो बांध उंच होतो. 1994 च्या मार्चमध्ये 1.0 आवृत्ती आली तेव्हा ओळी पावणेदोन लाखांच्या वर गेल्या होत्या. आज जगातल्या सर्वांत वेगवान पाचशेच्या पाचशे महासंगणकांवर लिनक्स आहे, आणि माझ्या वर्गातल्या बहुतेक मुलांच्या खिशातल्या अँड्रॉइड फोनमध्येही.

आमच्या घरात लिनक्स आलं ते मासिकाच्या पुठ्ठ्याला चिकटलेल्या सीडीतून. डायल-अपवर सबंध सिस्टीम उतरवणं शक्यच नव्हतं. पुढे उबुंटू ह्या दुसऱ्या एका लिनक्सवाले मागेल त्याला सीडी फुकट पाठवू लागले. मी नाव-पत्ता भरला आणि विसरले. काही आठवड्यांनी पोस्टमन परदेशी तिकिटांचं पाकीट घेऊन आला आणि आईने विचारलं, "तुला तिथे कोण ओळखतं?" कोणीच नव्हतं ओळखत. ती सोय 2011 मध्ये थांबली, पण ते पाकीट माझ्या कपाटात आहे.

त्या पाकिटातून मला मिळालेली सर्वांत मोठी गोष्ट मात्र मराठी होती. माझे काका देवळाच्या उत्सवातल्या नाटकांच्या संहिता जपायचे. गावातल्या जुन्या नटांच्या वह्या, पदांच्या चाली लिहिलेल्या, काही वाळवी लागलेल्या. तीन वर्षं खपून त्यांनी त्या कॉम्प्युटरवर उतरवल्या, त्या काळी मिळत होत्या त्यातल्या एका विकतच्या मराठी फॉन्ट-प्रोग्राममध्ये. त्याला एक किल्ली लागायची, कॉम्प्युटरच्या मागे खोचायची. एका पावसाळ्यात ती किल्ली गेली. कंपनीला पत्रं लिहिली, ती आवृत्ती आम्ही आता देत नाही असं उत्तर आलं. फायली होत्या, पण उघडल्या की रोमन अक्षरांचा आणि चिन्हांचा खच दिसायचा. कारण साधं होतं. त्या काळच्या फॉन्टांनी देवनागरीची वळणं रोमन अक्षरांच्या खणांत कोंबली होती, आणि 'क' कुठल्या खणात ठेवायचा हे प्रत्येक कंपनीने आपापलं ठरवलं होतं. काकांनी लिहिलेली नाटकं काकांची राहिली नव्हती. त्यांचा हात त्या दिवसांत कोरड्या पेनासारखा झाला होता, उठायचा आणि तसाच खाली यायचा.

लिनक्सवर पहिल्यांदा मी लोहित हा मुक्त फॉन्ट पाहिला. मजकूर युनिकोडमध्ये होता. तिथे 'क' हा जगभर 'क'च असतो, फॉन्ट कुठलाही असो. ऱ्हस्व इकार टाइप होतो व्यंजनानंतर, पण दिसायला हवा त्याच्या आधी. जोडाक्षरं मोडता-जोडता यायला हवीत. हे सगळं कोणीतरी बसून केलेलं होतं, आणि कसं केलं तेही उघडं होतं. मेनूंवर मराठी होती. खणांचा तक्ता हाताशी धरून मी एक छोटा प्रोग्राम लिहिला, या खणातलं चिन्ह काढा, ते युनिकोडचं अक्षर ठेवा. इकार जागेवर आणायलाच मला दोन रविवार लागले. मग एक नांदी पडद्यावर उलगडली. काका खुर्ची ओढून जवळ आले आणि वाचता वाचता गाऊ लागले.

आजोबांच्या खाजनाचं काय झालं, तेही सांगते. 1964 चा कूळ कायदा आणि 1976 ची त्यातली दुरुस्ती, ह्यांमुळे कसणाऱ्याला जमिनीचा हक्क मिळाला. न्याय झाला, उशिरा का होईना. पण बांध राखायची गावकरीची जुनी घडी विस्कटली. कुळांच्या संघांकडे ते काम आलं, पुढची पिढी नोकऱ्यांना लागली, आणि कित्येक मानशींपाशी रात्रीचं कोणी बसेनासं झालं. हक्क मिळाला आणि राखणदार उठून गेले. आज खाडीकाठाने जाताना जिथे भात होतं तिथे तिवरं दिसतात.

म्हणून 2024 च्या मार्चमधली गोष्ट वाचून माझी झोप उडाली होती. एक्सझेड हा फायली आकुंचित करणारा छोटासा प्रोग्राम, जवळजवळ प्रत्येक लिनक्समध्ये असतो. तो अनेक वर्षं मुख्यतः एकच माणूस, फावल्या वेळात, बिनपैशाने सांभाळत होता. थकला होता, तसं त्याने लिहिलंही होतं. तेव्हा एका टोपणनावाने कोणीतरी मदतीला आलं, दोनेक वर्षं गोड वागून दुरुस्त्या पाठवत राहिलं, विश्वास मिळवला, बांधाची किल्ली हातात आली, आणि मग त्या माणसाने आत एक चोरवाट ठेवली. ती जगभर पोचली असती तर असंख्य सर्व्हरांची दारं त्याच्यासाठी उघडली असती. आंद्रेस फ्रॉइंड ह्या प्रोग्रामरच्या लक्षात आलं की आपल्या डेबियन मशीनवर लॉगिनला अर्धा सेकंद जास्त लागतो आहे. अर्धा सेकंद! दुसरा कोणी म्हणाला असता, असेल काहीतरी. ते खणत गेले, कारण कोड उघडा होता, आणि 29 मार्चला त्यांनी सगळ्यांना सावध केलं. बांधावरून चालताना पायाला ओल लागली म्हणून थांबून बीळ शोधणारा माणूस मी घरात पाहिलेला आहे.

दुसऱ्या दिवशी मी त्या मुलीला हे सगळं सांगितलं नाही, तास पस्तीस मिनिटांचा असतो. तिला फक्त दाखवलं की कुठल्याही दुरुस्तीची नोंद कशी असते: कोणी, कधी, कुठली ओळ बदलली. ती वर-खाली करत नावं वाचत राहिली. मग म्हणाली, आपल्या लॅबमधल्या मराठी मेनूत एका जागी 'पुनःप्राप्त' चुकीचं लिहिलंय, विसर्ग गेलाय. मी म्हटलं, कर मग दुरुस्त.

तिला आठवडा लागला. खातं उघडणं, ओळ शोधणं, कारण इंग्रजीत लिहिणं; ते तिने तीनदा खोडलं. मग पाठवलं. तेव्हापासून रोज मधल्या सुट्टीत ती डबा बाजूला ठेवून आधी लॅबमध्ये येते आणि पाहते. पुढे अजून 'तपासणी बाकी' असं लिहिलेलं आहे. खाली तिचं नाव आहे, आणि नावापुढे तिने, कोणी सांगितलं नव्हतं तरी, गावाचंही नाव घातलं आहे.